पोर चोरणारी बाई

ओर्तांस मोनियो माझ्या समोरच्या खोलीत राहायची. मध्ये फरसबंद चौक, चौकात एकच नळ, आणि नळावर सकाळी जी भांडणं व्हायची त्यांत तिचा आवाज सगळ्यांच्या वर. नवरा उत्तरेकडे कालवा खणायला म्हणून गेला तो गेलाच. पदरात एक पोरगी होती, लुसेत. पाच वर्षांची, काडीसारखी, आणि तोंडावर नुसते डोळेच.

उन्हाळ्यात ओर्तांस पीचच्या बागांत कामाला जायची. पॅरिसला लागून असलेल्या आमच्या मोंत्रयच्या बायका तेच करायच्या. पिकलेलं फळ मऊ ब्रशने पुसून त्याची लव काढायची, पानावर ठेवून करंडीत भरायचं, आणि करंडी पॅरिसला बड्या लोकांच्या टेबलावर जायची. लव मात्र आमच्या बायकांच्या अंगावर राहायची. मानेला, हातांना, पापण्यांना चिकटायची. ओर्तांस घरी येऊन व्हिनेगरने हातपाय धुवायची, तरी सकाळपर्यंत खाजवून खाजवून मान लालभडक झालेली असायची.

मी शिवणकामवाली. गल्लीच्या टोकापलीकडे काचेच्या छपराचा सिनेमाचा स्टुडिओ होता, तिथे कपड्यांच्या खोलीत मला काम होतं. राणीचा झगा उसवून काउंटेसचा करायचा, शिपायांच्या कोटांना बटणं लावायची, भिकाऱ्यांच्या कोटांना भोकं पाडायची. हो, भोकंसुद्धा पाडावी लागायची. नव्या कापडाला.

त्या उन्हाळ्यात आमचे दिग्दर्शक गार्नोसाहेब कॅमेरा घेऊन बागांच्या भिंतींपाशी आले. चोराचा पाठलाग घ्यायचा होता त्यांना. गल्लीतली सगळी पोरं आरडाओरडा करत कॅमेऱ्यामागे धावली. लुसेत धावली नाही. हातात पावाचा तुकडा घेऊन भिंतीला पाठ लावून नुसती बघत राहिली. गार्नोसाहेब पाठलाग विसरले.

"ही कोणाची?" त्यांनी विचारलं.

"माझी," ओर्तांस करंडीमागून म्हणाली. "काय केलं तिनं?"

"काही नाही. उद्या तिला स्टुडिओत घेऊन या."

असं लुसेतचं सुरू झालं. आधी लहानसहान कामं. चर्चच्या पायरीवर झोपलेलं पोर, बर्फात काड्यापेट्या विकणारं पोर. बर्फ म्हणजे फाडलेला कागद, आणि वर काचेतून ऑगस्टचं ऊन. लुसेत सांगितलं की रडायची, सांगितलं की थांबायची. कॅमेऱ्याचं हँडल फिरवणारा माणूस म्हणायचा, "ही पोर नाही, घड्याळ आहे."

मग पडद्यावरच्या एका मोठ्या नाटकाचं ठरलं. गोष्ट साधीच. कचरा वेचणारी एक बाई काउंटची मुलगी पळवते, तिला मारते, उपाशी ठेवते, भीक मागायला लावते. शेवटी पोलीस तिला पकडतात आणि मुलगी आपल्या खऱ्या आईच्या, म्हणजे काउंटेसच्या, पोटाशी बिलगते. काउंटेसचं काम होतं माद्मुआझेल दोब्रीव्ह यांच्याकडे. त्या पॅरिसच्या रंगभूमीवरच्या. तिथल्या भूमिका कमी झाल्या म्हणून आमच्याकडे यायच्या आणि तोंडावर जाळी घेऊन यायच्या, कोणी ओळखू नये म्हणून. कचरेवालीसाठीसुद्धा रंगभूमीवरचीच एक नटी आणली होती. मी भोकं पाडलेले कपडे तिच्या अंगावर चढवले. तरी ती वेष बदलून फिरणाऱ्या राणीसारखीच दिसायची. तिनं डोळे वटारले की लुसेतला हसू यायचं. दोन दिवस फिल्म वाया गेली.

तिसऱ्या दिवशी गार्नोसाहेबांची नजर दाराकडे गेली. ओर्तांस पोरीला न्यायला येऊन उभी होती. स्टुडिओत यायचं म्हणून ती नेहमी रविवारचे कपडे घालायची. काळा स्कर्ट, खळ घातलेली पांढरी कॉलर, आणि माझी मागून नेलेली, चेरी लावलेली टोपी.

"बाई, जरा पुढे या. टोपी काढा."

तिनं काढली.

"कॉलर सोडा."

ओर्तांसनं माझ्याकडे पाहिलं. मी खांदे उडवले. तिनं कॉलर सोडली. ती खाजवलेली मान, ते पीचच्या पानांनी डागाळलेले हात. गार्नोसाहेब हँडलवाल्याकडे वळून म्हणाले, "मिळाली."

ओर्तांसला आधी काही कळलंच नाही. कळलं तेव्हा ती खुशीत हसली. "माझं तोंड? पडद्यावर? अगं आद्रियेन, ऐकलंस का?" मग साहेबांना म्हणाली, "आईचं काम मी करीन साहेब. मला शिकवायलासुद्धा नको. मी आईच आहे तिची."

"आईचं काम दोब्रीव्हबाई करताहेत. तुम्ही चोराचं करायचं."

तिचं हसू तसंच राहिलं, फक्त डोळ्यांतलं गेलं. पण बागेत आठवडाभर राबून जे मिळायचं त्याहून जास्त इथे दोन दिवसांत मिळणार होतं, आणि हंगाम संपत आला होता. तिनं हो म्हटलं.

कपड्यांच्या खोलीत मी तिचे रविवारचे कपडे उतरवले आणि ते फाटके चढवले. ती आरशात बघत राहिली. "गरीब दिसायला मला कपडे बदलावे लागतात होय? म्हणजे आजवर मी कोण दिसत होते?"

"उभी राहा सरळ, टाचणी टोचेल," मी म्हटलं.

"आणि ही बाई पोर चोरते कशाला गं? आपल्या गल्लीत स्वतःचीच पोरं जड झालीत. काउंटची आणखी कोण आणून ठेवतंय?"

तिनं हेच गार्नोसाहेबांना विचारलं. सगळ्यांसमोर. सुतार हसले. साहेब रागावले नाहीत. ते चांगले गृहस्थ होते, आमच्याशी कधी वाईट बोलले नाहीत. त्यांनी शांतपणे सांगितलं, "मोनियोबाई, लोकांना कारण लागत नाही. चिंध्या दिसल्या की त्यांना कारण कळतं."

तिच्याकडून सगळं करून घेतलं त्यांनी. वाइनची बाटली तोंडाला लावायला लावली. ओर्तांस वाइनमध्ये अर्धं पाणी घालून पिणारी. पोरीच्या हातातून पाव हिसकावून घ्यायला लावला. मग म्हणाले, आता थोबाडीत द्या.

"नाही देणार."

"घरी कधी दिली नाहीत?"

"दिली की. पण घरी मारते ते माझं. माझ्या पोरीला मी का मारलं ते तिला ठाऊक असतं. इथे कोणासाठी मारू?"

शेवटी हात वर नेला की हँडल थांबवायचं असं ठरलं. लोक बाकीचं मनात मारून घेतील, साहेब म्हणाले.

शेवटचा प्रसंग होता तो पकडण्याचा. एका बाजूला दोन पोलीस ओर्तांसला धरून, दुसऱ्या बाजूला निळ्या रेशमात दोब्रीव्हबाई हात पसरून, मध्ये लुसेत. तिला सांगितलं होतं, 'आईकडे पळ.'

ती ओर्तांसकडे पळाली.

"थांबा! अगं, तिकडे नाही. आईकडे!"

"हीच माझी आई आहे," लुसेत म्हणाली.

पुन्हा घेतलं. पुन्हा ती ओर्तांसकडेच गेली आणि तिच्या फाटक्या स्कर्टात तोंड खुपसून बसली. ओर्तांस पोलिसांच्या हातांतून वाकून बोटाला थुंकी लावून तिचे केस सारखे करत होती आणि हसत होती. वाया गेलेल्या फिल्मचे पैसे तिच्या मजुरीतून कापले असते तरी ती हसली असती. ऊन उतरत चाललं होतं. दोब्रीव्हबाईंनी मोलकरणीला हाक मारून आपल्या पिशवीतून काहीतरी मागवलं. साखर चढवलेले बदाम होते, गुलाबी आणि पांढरे, लग्नाबारशाला वाटतात तसले. त्यांनी ते हातमोज्याच्या तळव्यावर धरले आणि हात पसरला.

या वेळी लुसेत तिकडे पळाली.

ओर्तांस खरोखरच पुढे झेपावली. पोलिसांचं काम करणारे दोघे बेसावध होते, ती त्यांच्या हातून सुटून गुडघ्यांवर पडली. तशीच वर बघत राहिली. समोर पोर रेशमाला बिलगून बदाम खात होती. हँडल फिरतच होतं. गार्नोसाहेब कुजबुजले, "थांबवू नकोस, थांबवू नकोस," आणि संपल्यावर त्यांनी स्वतः हात देऊन तिला उठवलं. "बाई, तुम्ही मोठ्या नटी आहात."

"माझा गुडघा फुटलाय," ओर्तांस म्हणाली.

दोब्रीव्हबाईंना त्या दिवसापासून लुसेतचा लळा लागला. लळा खरा होता, मी खोटं सांगणार नाही. मी त्यांच्या कॉर्सेटच्या दोऱ्या आवळत असताना त्या म्हणाल्या, "मुलीत काहीतरी आहे. तिला बोलायला, चालायला शिकवलं पाहिजे. इथे राहिली तर तीही फळंच पुसत बसेल." आणि दोरी जास्त आवळली गेली तेव्हा त्यांनी जी शिवी हासडली, ती रंगभूमीवरची नव्हती. पॅरिसच्या बातिन्योल वस्तीतल्या कोळशाच्या वखारीतली होती. त्यांचा बाप तिथे कोळसा आणि स्वस्त वाइन विकायचा. हे स्टुडिओत सगळ्यांना ठाऊक होतं, फक्त तोंडावर कोणी म्हणत नसे.

थंडी सुरू झाली. बागेत भिंतींना चुना लावणं आणि फांद्या चिंध्यांनी भिंतीला बांधून खिळे ठोकणं, एवढंच काम उरलं, तेही रोज नाही. बाईंनी निरोप पाठवला की हिवाळ्यापुरतं लुसेतला त्यांच्याकडे राहू द्यावं. त्यांच्या घरात शेगडी होती, पियानो होता. ओर्तांस माझ्याकडे आली.

"काय करू गं?"

"तुला काय वाटतं?"

"मला वाटतं तिला कोरडे बूट मिळतील."

तिनं पोरीची वेणी घातली, नाक पुसलं, आणि ट्रामपर्यंत सोडून आली. परत येऊन नळावर कोणाशी तरी जोरात भांडली.

नाताळच्या सुमारास आमच्या नाचघराचा सिनेमा झाला. रविवारी दुपारी पहिला खेळ, आणि तोही आमच्याच ओर्तांसचा. सगळी गल्ली गेली. तिनं पुन्हा माझी टोपी मागून घेतली. आम्ही मागच्या बाकांवर बसलो. पुढे खुर्च्या मांडल्या होत्या, त्यांवर साहेब लोक, आणि मध्यभागी दोब्रीव्हबाई. शेजारी मखमलीचा कोट घालून लुसेत. ओर्तांस उभी राहून हात हलवत होती. पोरीनं मागे पाहिलं नाही, किंवा पाहिलं असेल तर एवढ्या गर्दीत तिला आई दिसली नसेल.

दिवे गेले. पियानो सुरू झाला. पडद्यावर ओर्तांस आली आणि आमच्या बाकांवर एकच जल्लोष झाला. "अगं बाई! ओर्तांस! बघ बघ, तुझं नाक!" तिनं लाजून तोंडावर हात घेतला. तेवढा एक क्षण तिचा होता.

मग तिनं झोपलेलं पोर उचललं. पाव हिसकावला. बाटली लावली. नाचघर हळूहळू गप्प झालं. आमच्या बाकांवरचे, तिला दहा वर्षं ओळखणारे लोकसुद्धा गप्प झाले. कोणीतरी ओरडलं, "चोरटी!" दुसरा म्हणाला, "पोरीला हात लावशील तर बघ!" संत्र्याची सालं पडद्यावर फेकली गेली. फेकणारे पुढच्या खुर्च्यांवरचे नव्हते, आमचेच होते. मातीच्या खाणीतले कामगार, धोबिणी, ज्यांनी पोटच्या पोरांना रोज चार चापट्या दिलेल्या ते. ते काउंटेससाठी रडत होते. माझ्या शेजारची भाजीवाली हुंदके देत होती. तिच्या स्वतःच्या दोन पोरी अनाथालयात होत्या.

पोलीस आले आणि त्यांनी त्या बाईला धरलं, तेव्हा सगळं नाचघर टाळ्या पिटायला लागलं. पुढच्या खुर्चीवर मखमलीच्या कोटातली लुसेत उभी राहिली होती. तीही टाळ्या वाजवत होती. पाय आपटून, अंगात जीव होता तेवढ्यानं.

मी ओर्तांसकडे बघायचं टाळलं.

बाहेर आलो. पावाच्या दुकानाची बाई आपल्या मुलाचा हात धरून बाजूला सरकली. हसतच सरकली, गंमत म्हणून. "बाई गं, माझं पोर नेशील!"

"खोटं आहे ते सगळं," ओर्तांस म्हणाली.

"खोटं तर खोटं. पण तोंड तुझंच की."

ती बग्गीपाशी गेली. मी पाठोपाठ. दोब्रीव्हबाईंनी लुसेतला पुढे केलं. "बोल, शिकवलंय तसं."

लुसेतनं कोटाची टोकं धरून गुडघे वाकवले. "आई, तुम्ही कशा आहात?"

ओर्तांसनं मागे वळून पाहिलं, दुसरं कोणी उभं आहे की काय म्हणून. "तुम्ही? कोणाला म्हणतेस गं?"

"चांगल्या घरांत मुलं आईला अहो-जाहोच करतात," बाई म्हणाल्या. "तिला आता सवय झालीय. किती गोड वाटतं, नाही?"

घरी येताना मी तिला सांगितलं, या बाईचा बाप कोळसा विकायचा म्हणून. माझा हेतू एवढाच की तिला बरं वाटावं.

"म्हणूनच तिला पक्कं ठाऊक आहे," ती म्हणाली, "काय काय टाकून द्यायचं असतं ते."

हिवाळा संपला, लुसेत परत आली नाही. बाईंकडे तिचं जमलं होतं, आणि ते नाटक एवढं चाललं की गार्नोसाहेबांनी तशीच आणखी काढली. कधी ती बँकेच्या मालकाची हरवलेली मुलगी, कधी न्यायाधीशाची. दर वेळी गरिबाच्या घरातून सुटून श्रीमंताच्या घरी जायची. आणि दर वेळी त्या गरिबाच्या घरात ओर्तांस. दारुडी आई, दुष्ट मावशी, पोरींना फसवणारी म्हातारी. नळावरच्या बायका तिला सल्ला द्यायच्या, "कशाला जातेस अजून? पैशासाठी तोंड काळं करतेस?" पैशासाठी ती जात होती हे खरंच. पण दुसरंही होतं. लुसेत तिला स्टुडिओतच भेटायची. दोब्रीव्हबाई पॅरिसहून तिला घेऊन यायच्या, काम झालं की परत. पोरीला हात लावायचा तर तिला पळवण्याचं काम करायला हवं होतं.

लुसेत तेव्हा सात वर्षांची असेल. त्या दिवशी प्रसंग असा होता की दारुडी आई मुलीला झोपडीत ओढत आणते आणि थोबाडीत मारते. दोघी कॅमेऱ्यासमोर उभ्या होत्या, दिवे सारखे करायचे होते. मी लुसेतच्या बाहीला दोरा घालत होते म्हणून मला ऐकू आलं. ओर्तांस खाली वाकून तिच्या कानाशी म्हणत होती, "रविवारी येतेस? मी ससा शिजवीन. तुला आवडायचा तसा, मोहरी घालून."

लुसेतनं तोंड बाजूला घेतलं. अगदी सभ्यपणे म्हणाली, "तुम्ही जरा लांब उभ्या राहता का? तुम्हाला व्हिनेगरचा वास येतो."

"चला!" गार्नोसाहेबांनी हाक दिली.

ओर्तांसनं तिला ओढत आणलं. हात वर नेला. हँडलवाला नेहमीप्रमाणे थांबायच्या बेतात होता. ती थांबली नाही. काचेच्या छपराखाली तो आवाज असा घुमला की सुतारांनी हातोड्या खाली ठेवल्या. पोर कोलमडून पडली. गालावर चारी बोटं उमटली होती. मग ती किंचाळून जी रडली ते सांगून आलेलं रडणं नव्हतं. "ममां! ममां!" करत ती धावली, आणि कॅमेऱ्यामागे उभ्या असलेल्या दोब्रीव्हबाईंच्या गळ्यात पडली.

"वा!" गार्नोसाहेबांचे डोळे भरून आले होते. "अखेर! मोनियोबाई, हे तुम्ही आधी का नाही केलंत?"

ओर्तांस आपल्या हाताकडे बघत होती. मी तिला कपड्यांच्या खोलीत नेलं. फाटके कपडे उतरवताना ती एकच वाक्य बोलली. "या वेळी तिला ठाऊक नव्हतं, मी का मारलं ते."

ती पुन्हा स्टुडिओत गेली नाही. त्या चपराकेची चित्रफीत मात्र खूप दूरवर गेली. लंडनला गेली, मॉस्कोला गेली असं हँडलवाला सांगायचा.

पुढच्या वर्षी दोब्रीव्हबाईंना दक्षिण अमेरिकेच्या दौऱ्याचं बोलावणं आलं. लुसेतचे पुढचे दात पडले होते, पाय लांब झाले होते, आणि गार्नोसाहेबांना आता तिच्यात ते पहिलं पोर दिसत नव्हतं. एका सकाळी बाईंची मोलकरीण चौकात आली. बरोबर लुसेत आणि एक पेटी.

"बाईंनी सांगितलंय, मुलगी आता मोठी झाली. तिला आईची गरज आहे."

ओर्तांस नळावर होती. तिनं हात पुसले. धावली नाही, काही नाही. "ये," म्हणाली. लुसेतनं चौकाकडे पाहिलं, दोरीवर वाळणाऱ्या लोकांच्या चड्ड्यांकडे पाहिलं, आणि पेटीवर बसून राहिली. दुपार झाली तरी बसूनच होती. दोब्रीव्हबाई परत येतील असं तिला वाटत होतं. त्या दौऱ्याहून पुढे कधी आल्या, आल्या की नाही, आम्हाला कळलं नाही.

मायलेकी एका खोलीत राहिल्या, भाडेकरू राहतात तशा. लुसेत सूप पिताना चमच्याचा आवाज करत नसे, आणि ओर्तांसनं केला की डोळे मिटून घ्यायची. गल्लीतली पोरं तिला 'काउंटेस' म्हणून चिडवायची, तिच्या मखमलीच्या कोटावर, ज्याच्या बाह्या आता तिला कोपरापर्यंतच यायच्या, चिखल मारायची. ओर्तांस त्या पोरांच्या मागे धावायची. परत आली की लुसेत म्हणायची, "आभारी आहे, आई. तुम्ही उगाच त्रास घेतलात." एकदा ओर्तांसनं तिचे दोन्ही खांदे धरले. "मला शिवी दे हवी तर. पण असं बोलू नकोस गं माझ्याशी!" लुसेतला खरंच कळलं नाही, आपलं काय चुकलं. तिला घडवलंच तसं होतं.

लढाई आली. स्टुडिओत मी सैनिकांचे कोट शिवायला लागले, आणि त्यांना भोकं पाडावी लागत नव्हती. लुसेत तेरा वर्षांची झाली तशी पॅरिसच्या पासी भागात एका बड्या घरी खोल्या झाडण्याच्या, मालकिणीला कपडे घालण्याच्या कामाला लागली. तिच्यासारखी मोलकरीण त्यांना कुठे मिळणार? बोलणं शुद्ध, चालणं हलकं, कुठला काटा कुठे ठेवायचा ते पाठ. मालकीण विचारायची, हे सगळं शिकलीस कुठे? लुसेतनं सांगून टाकलं की मी चांगल्या घरातली आहे, आईवडील गेले, दिवस फिरले.

हे आम्हाला पासीला गेलो तेव्हा कळलं. लढाई नुकतीच संपली होती. लुसेतच्या नावाच्या संताचा सण होता. ओर्तांसनं लोकरीचे मोजे विणले होते, आणि एकटीला धीर होईना म्हणून मला बरोबर घेतलं. मागच्या फाटकापाशी लुसेत आली. मोजे घेतले, कुठे ठेवावेत कळेना म्हणून ॲप्रनखाली लपवले.

"तुम्ही इथे यायला नको होतं," ती हळूच म्हणाली. "मी यांना सांगितलंय की..."

तेवढ्यात मालकीणच पायऱ्या उतरून आली. म्हातारी, हातात काठी, चेहऱ्यावरून प्रेमळ. "लुसेत, कोण आहेत या बायका?"

लुसेतनं ॲप्रनखालचे मोजे घट्ट धरले. ती खाली बघत राहिली. तिला खोटं बोलता येत होतं, पण आईसमोर येत नव्हतं. एवढं तिच्या बाजूनं मला म्हणू द्या. मी तोंड उघडणार, तर ओर्तांसनं माझा दंड असा दाबला की वळ उठला. ती पुढे झाली आणि जराशी वाकली.

"मी हिची दाई, बाईसाहेब. हिच्या आईकडे होते मी. जवळून जात होते, म्हटलं बेबीला बघून जावं."

"अस्सं! तरीच." मालकिणीला फार बरं वाटलं. "मोठं घर होतं, नाही?"

"फार मोठं," ओर्तांस म्हणाली. "पियानो होता."

"कशी होती हिची आई?"

"देखणी होती. निळं रेशीम घालायची."

मालकिणीनं तिला स्वयंपाकघरात बसून वाइनचा पेला घ्यायला सांगितलं. ओर्तांसनं आभार मानले आणि ट्रामची वेळ झाली म्हणाली. आम्ही निघालो. लुसेत फाटकाशी उभी होती, ॲप्रनवर हात दाबून. हाक मारली नाही तिनं.

रस्त्यावर आल्याबरोबर मी तोंड सोडलं. "लाज नाही वाटत तिला? आणि तुला? स्वतःची पोर..."

"गप बस," ओर्तांस म्हणाली. "नोकरी टिकली पाहिजे तिची. पासीतून काढली तर पुढे कुठे घेतील? मग येईल माझ्याकडे, आणि चमचा वाजला की डोळे मिटेल. त्यापेक्षा हे बरं." मोंत्रय येईपर्यंत ती ट्राममध्ये खिडकीकडे तोंड करून बसली.

चार-पाच वर्षांनी लुसेतचं लग्न तिथल्याच मोटार चालवणाऱ्याशी ठरलं. साधा, चांगला मुलगा. मालकिणीनं स्वतः सगळं करून दिलं, अगदी चर्चमधली फुलंसुद्धा. लुसेतनं मला आमंत्रण पाठवलं, त्यात बाईसाहेबांच्या हातानं लिहिलं होतं की जुन्या दाईलाही अवश्य आणावं, मुलीला मायेचं माणूस दुसरं कोण आहे?

मी ते ओर्तांसला वाचून दाखवलं. ती कांदे चिरत होती, चिरत राहिली.

लग्नाच्या दिवशी सकाळी मी तयार होऊन तिच्या दाराशी गेले. ती कामाचे कपडे घालून निघाली होती.

"येत नाहीस?"

"तू जा. तुला बोलावलंय."

"तुलाही बोलावलंय."

"मला नाही," ती म्हणाली, आणि दाराला कुलूप लावून बागेकडे गेली.

मी एकटीच गेले. मुलगी सुंदर दिसत होती. जेवणही चांगलं होतं, वासराचं मांस आणि बाईसाहेबांच्या तळघरातली वाइन. चर्चमध्ये नवरीकडचं कोणीच नव्हतं, म्हणून मला पुढच्या बाकावर, नवरीच्या आईच्या जागेवर बसवलं.